आत्या जैसे थे

सहादू मास्तरांनी बोळात विटा उतरवल्या त्या दिवशी झुंबरराव पगारे ऑफिसला गेले नाहीत. अंगात ताप असला तरी हजेरी लावणारा माणूस, पण त्या दिवशी सकाळपासून खिडकीला चिकटून बसला होता. तिकडे विटा खाली येत होत्या आणि इकडे झुंबररावांचा पारा वर चढत होता.

बोळ म्हणजे त्यांच्या आणि मास्तरांच्या घरामधली पट्टी. नाशिक-पुणे रस्त्याच्या कडेला वसलेल्या त्या कॉलनीत दर दोन घरांमध्ये अशी एक पट्टी होती. खाट टाकली की बाजूनं माणसानं अंग चोरून जावं, एवढीच रुंद. तिचा मालक कोण हे कुणी विचारलं नव्हतं, कारण विचारण्यासारखं तिथं काही नव्हतंच. पोरांचा चेंडू जायचा आणि मांजर व्यायची. झुंबरराव इतक्या वर्षांत एकदाच तिथं गेले होते, खिडकीतून पडलेला कंगवा आणायला. पण मास्तरांच्या विटा पडल्या आणि तो बोळ त्यांना एकदम जिवाहून प्यारा झाला.

मास्तर काही परके नव्हते. म्युनिसिपालिटीच्या शाळेत शिकवायचे. चौदा एप्रिलच्या मिरवणुकीत दोघं खांद्याला खांदा लावून चालायचे, आणि संध्याकाळच्या बातम्या झुंबरराव मास्तरांच्याच रेडिओसमोर बसून ऐकायचे. पण दोस्ती दोस्तीच्या जागी आणि हक्क हक्काच्या जागी, असं झुंबररावांनी जाहीर केलं. हक्क नेमका कोणता, ते अजून त्यांचं ठरायचं होतं.

खरी अडचण होती ती त्यांच्या बायकोची, लताबाईंची. स्वयंपाकघराला एकुलती एक खिडकी, ती बोळात उघडणारी. मास्तर तिथं खोली बांधणार आणि तिची खिडकी बरोबर समोर काढणार, असं गवंड्यानं सांगितलं होतं. म्हणजे फोडणी इकडे पडायची आणि ठसका तिकडे लागायचा. लताबाई सरळ बाई. त्या म्हणाल्या, मास्तरांशी बोला, ते खिडकी जरा पलीकडं घेतील.

झुंबररावांनी बायकोकडे कीव आल्यासारखं पाहिलं. ते सरकारी कचेरीत वरिष्ठ कारकून होते. उभी हयात 'उपरोक्त विषयास अनुसरून' लिहिण्यात घालवलेल्या माणसानं शेजाऱ्याकडे जाऊन नुसतं तोंडानं बोलायचं? मग शिक्षण घेतलं कशाला? ते तडक कपडे करून ठोसर वकिलांकडे गेले.

ठोसर वकिलांचं ऑफिस कोर्टासमोर, एका हॉटेलच्या माडीवर. खालून भज्यांचा वास आणि वरून कायद्याचा सल्ला. वकिलांनी सगळं ऐकून घेतलं आणि समजावलं की दाव्याचा निकाल लागायला वर्षं जातात, म्हणून त्याच्या आधी एक छोटा हुकूम मागायचा असतो, त्याला म्हणायचं तूर्तातूर्त मनाई. शहाणे लोक दावा लावतात तो या छोट्या हुकुमासाठीच. मोठा निकाल बघायला पुष्कळदा वादीच शिल्लक नसतो. एवढं सांगून त्यांनी विचारलं, "बोळाचा वापर काय करता?"

"काही नाही."

"'काही नाही'ला मनाई मिळत नाही, पगारे. कोर्ट कमिशनर पाठवील. तो जागेवर येऊन जे दिसेल ते लिहून नेईल. आता त्याला काय दिसेल, ते मी कसं सांगू?" असं म्हणून ठोसर वकील बराच वेळ पंख्याकडे बघत बसले.

झुंबररावांना पंख्याची भाषा कळली. कचेरीत तपासणी यायची असली की फायली रातोरात रांगेत कशा लागतात, हे त्यांना कुणी शिकवायला नको होतं. त्यांनी घरची खाट बोळात टाकली, वर एक पत्रा आडवा ठोकला, पाण्याचा माठ ठेवला. पण राहणारं माणूस हवं. स्वतः झोपावं तर थंडीचे दिवस. लताबाईंना 'बोळात जाऊन झोप' म्हणायची छाती नव्हती. एकुलती मुलगी गेल्या वर्षीच सासरी गेलेली. मग त्यांना आठवली गोजरा आत्या.

गोजराबाई ही त्यांच्या वडिलांची धाकटी बहीण. इगतपुरीच्या पलीकडे एका खेड्यात एकटीच राहायची. नवरा जाऊन जमाना झाला होता. घरात बोलायला एक शेळी, आणि ती उलटून बोलायची नाही, त्यामुळे आत्याचं सगळं बोलणं साचून राहिलेलं. झुंबरराव दारात दिसले तेव्हा तिला वाटलं, कुणीतरी गेलं. दोन दिवसांसाठी नाशिकला चल, एवढंच काम आहे, हे ऐकल्यावर ती म्हणाली, "आन शेळी कुनाच्या जिवावर ठिवू?"

शेळीपण आली. झुंबररावांना तर तो देवानं धाडलेला पुरावाच वाटला. देव न मानणाऱ्या माणसाला अशा वेळी दुसरा शब्द सुचत नाही. टांगा कॉलनीत शिरला तेव्हा मास्तर दारातच उभे होते. म्हाताऱ्या माणसाचं ओझं बघून ते पुढं झाले आणि आत्याचं बोचकं त्यांनीच खाली उतरवलं.

रात्री बसून झुंबररावांनी प्रतिज्ञापत्र लिहिलं. वकिलांकडचा मसुदा त्यांना मिळमिळीत वाटला. 'सदर बोळात वादीची वयोवृद्ध आत्या गेली बारा वर्षे आपल्या पशुधनासह अखंड वास्तव्यास असून' हे वाक्य त्यांनी स्वतःलाच तीनदा मोठ्यानं वाचून दाखवलं. मग त्यांनी आत्याला पाठ करायला लावलं: बारा वर्षं, इथंच, या खाटेवर. आत्यानं तीनदा चुकून चौथ्यांदा बरोबर म्हटलं.

कमिशनर आला तो एक नवखा वकील, बहुतेक पहिलंच काम असावं. त्यानं एकही गोष्ट सोडली नाही. वर पत्रा, खाली खाट, खाटेवर वृद्ध स्त्री, खाटेच्या पायाला बांधलेली काळी शेळी, पलीकडे विटांचा ढीग. आत्याला विचारलं तर ती 'बारा वर्सं' बरोबर बोलली आणि वर आपल्या पदरचं जोडलं की झुंबऱ्या खायला लय कमी देतो. तेही लिहिलं गेलं. मास्तर मात्र कळवळून सांगत होते की ही बाई परवाच आली, मी स्वतः तिचं बोचकं उतरवलं. कमिशनरनं त्यांच्याकडे पाहिलं, माठाकडे पाहिलं आणि 'प्रतिवादीस हे मान्य नाही' असं लिहून पेनाला टोपण लावलं.

हुकूम झाला. कोर्टानं म्हटलं की आत्ताच कोण खरं कोण खोटं ठरवता येत नाही, ते दाव्यात बघू. तोपर्यंत कमिशनरच्या अहवालात जी परिस्थिती आहे ती दोन्ही पक्षांनी जैसे थे ठेवावी. झुंबररावांनी कॉलनीभर पेढे वाटले. मास्तरांच्या घरीही पाठवले, आणि मास्तरांनी ते ठेवूनही घेतले. पेढे वाटायच्या घाईत 'दोन्ही पक्षांनी' या शब्दांकडे झुंबररावांचं लक्ष गेलं नाही. आयुष्यभर दुसऱ्यांचे मसुदे तपासले की असं होतं.

दुसऱ्या दिवशी सकाळी आत्या, बोचकं आणि शेळी घेऊन ते एस.टी. स्टँडवर पोचले. स्टँड कोर्टाच्या समोरच. इगतपुरीची गाडी लागली होती. कंडक्टरशी शेळीच्या तिकिटावरून हुज्जत चालली असताना मागून ठोसर वकिलांनी त्यांच्या खांद्यावर हात ठेवला.

"कुठं निघालात?"

"आत्याला गावी सोडतो. काम झालं ना."

वकिलांनी त्यांना हाताला धरून उसाच्या गुऱ्हाळामागं नेलं. "पगारे, शुद्धीवर आहात का? आत्या अहवालात आहे. शेळी अहवालात आहे. यातलं काही हललं आणि मास्तरांनी अर्ज दिला, तर हुकूमभंग होईल. कोर्ट तुरुंगात घालू शकतं. सरकारी नोकर ना तुम्ही?"

 झुंबरराव आत्याकडे आले आणि अजून थोडे दिवस राहावं लागेल, असं चाचरत म्हणाले. कुणी सांगितलं, असं तिनं विचारलं. कोर्टानं, असं त्यांना सांगावं लागलं.

आत्यानं समोरच्या त्या दगडी इमारतीकडे मान वर करून पाहिलं. एवढ्या मोठ्या घरातून आपल्याला कुणी 'राहा' म्हणेल असं तिला जन्मात वाटलं नव्हतं. डोळ्यांना पदर लावून ती म्हणाली, "माज्या भावानं बी आसं कदी म्हटलं नाय रं."

तिथून पुढं झुंबररावांच्या घरात कोर्टाचा हुकूम चालू झाला. आत्या खाटेवरून उठायलाच तयार होईना. मी उठले आन तेवड्यात कोर्टाचा मानूस आला मंग, असं तिचं म्हणणं, आणि कायद्याच्या दृष्टीनं ते बिनतोड होतं. थंडी वाजते म्हणून झुंबररावांची गादी बोळात गेली, मग रजई गेली, मग घोंगडी. ते स्वतः सतरंजीवर आले. जेवण, चहा, तंबाखू सगळं स्वयंपाकघराच्या खिडकीतून द्यायचं. खिडकीच्या बरोबर खाली खाट, त्यामुळे आत्याला लताबाईंचा सगळा स्वयंपाक दिसायचा आणि दिसलं की बोलायची. तेल जास्त पडलं, मीठ आधी पडलं, भाकरी जाड झाली, पातेलं नीट घासलं नाही. इतक्या वर्षांचं साचलेलं बोलणं त्या खिडकीतून आत यायला लागलं. ज्या खिडकीसमोर मास्तरांची खिडकी येईल म्हणून दावा लावला, त्या खिडकीत आता सकाळपासून झोपेपर्यंत आत्याचं डोकं असायचं.

मास्तरांना शाळेची सवय. ते रोज सकाळी विटांपाशी उभं राहून हजेरी घ्यायचे.

"जयभीम, आत्याबाई. आहात ना?"

"हाय बाबा, हाय."

"आणि शेळी?"

शेळीपण असायची. एके दिवशी ती व्याली, दोन पिल्लं झाली. तिचं दूध आत्या विटांवरून मास्तरांच्या पोरांना द्यायची, कारण ती पोरं येऊन बोलायची तिच्याशी. झुंबररावांना कोरा चहा. दोन पिल्लं झाली. तरी मास्तरांनी पिल्लं दिसताच आपल्या वकिलाकडून अर्ज टाकला, की वादीनं वादग्रस्त जागेतल्या परिस्थितीत वाढ केली आहे. झुंबरराव घाबरेघुबरे होऊन ठोसर वकिलांकडे धावले. वकिलांनी शांतपणे उत्तर तयार केलं की शेळी गाभण होती हे न लिहिणं ही कमिशनरची चूक असून वादीचा त्या घटनेशी काहीएक संबंध नाही. त्या उत्तरावर झुंबररावांना सही करावी लागली. एवढ्या नोकरीत इतकी लाजिरवाणी सही त्यांनी कधी केली नव्हती.

लताबाई सहन करत होत्या. मग एका रविवारी शेळीनं त्यांचं वाळत घातलेलं पातळ खाल्लं, मुलीच्या लग्नातलं. लताबाई अर्धं पातळ हातात धरून उभ्या होत्या, तेव्हा खिडकीतून आत्या म्हणाली की जाऊ दे गं, तसा बी तुला तो रंग दिसत नव्हता. लताबाई आत गेल्या आणि त्यांनी पिशवी भरली.

"कुठं निघालीस?" झुंबरराव म्हणाले.

"सटाण्याला, भावाकडे. तुमच्या कोर्टानं आत्याबाईंना ठेवून घ्यायला सांगितलंय. मला नाही. त्या जातील त्या दिवशी न्यायला या."

त्या गेल्या. झुंबरराव पहिले दोन दिवस तोऱ्यात होते. मग त्यांना करमेना. लग्न झाल्यापासून लताबाई अशा कधी गेल्या नव्हत्या. समोर कुणी बसलेलं नसलं की घास घशाखाली उतरत नाही, हे त्यांना या वयात समजलं. घास तरी कसला? स्वयंपाक तेच करायचे आणि खिडकीतून आत्याला द्यायचे. आत्या ताटाकडे बघून म्हणायची की लतीच्या हाताला चव होती हो, आणि झुंबररावांच्या डोळ्यांत पाणी यायचं. ते कांद्याचं आहे असं ते सांगायचे, पण कांदा त्यांनी चिरलेलाच नसायचा. लता घरी यायला हवी, बास, दुसरं काही नको, असं त्यांनी मनाशी ठरवलं आणि ते पुन्हा त्या भज्यांच्या वासाची माडी चढले.

"वकीलसाहेब, अपील करायचंय."

"कुणाच्या हुकुमावर?"

"आपल्याच."

ठोसर वकिलांनी बशी खाली ठेवली. "जिंकलेल्या माणसाला अपील नसतं, पगारे. त्याला पेढे असतात. ते तुम्ही वाटलेत."

"मग दावाच काढून घेतो."

"घ्या की. जजसाहेब विचारतील, बारा वर्षं अखंड राहिलेली आत्या अशी एकाएकी कुठं चालली? मग तुमचं प्रतिज्ञापत्र निघेल. खोटं प्रतिज्ञापत्र, सरकारी नोकर. नोकरीवर पाणी सोडायची तयारी आहे का?"

झुंबररावांनी मान हलवली. तयारी नव्हती.

"मग एकच रस्ता आहे. अपील मास्तरांनी करायचं आणि जिंकायचंही मास्तरांनीच. तुम्ही फक्त हरायचं. आणि लवकर करा, मुदत संपत आलीय."

त्या संध्याकाळी झुंबरराव कितीतरी दिवसांनी मास्तरांच्या रेडिओसमोर जाऊन बसले. बातम्या संपेपर्यंत दोघंही देशाची परिस्थिती ऐकत राहिले. मग झुंबररावांनी खाकरून सुचवलं की कोर्टाचा तो हुकूम मास्तरांवर फार अन्याय करणारा आहे आणि मास्तरांनी तो निमूटपणे सोसू नये.

मास्तर म्हणाले की त्यांना हुकूम एकदम पसंत आहे. पोरांना दूध मिळतंय, आत्याबाई गोष्टी सांगतात, विटा काही नासत नाहीत. त्यांना कसलीच घाई नव्हती. झुंबररावांनी न्यायाची बाजू मांडून पाहिली, राज्यघटना सांगून पाहिली, कॉलनीचं हित सांगून पाहिलं. मास्तर हसत होते. शेवटी झुंबरराव खाली बघून म्हणाले, "लता गेलीय हो मास्तर. घर खायला उठतं."

मास्तरांचं हसू तिथंच थांबलं. त्यांनी रेडिओ बंद केला आणि वहिनींसाठी करतो, असं म्हणाले. फक्त त्यांचा वकील आळशी होता. अपिलाचे मुद्दे कुणीतरी लिहून द्यायला हवे होते.

झुंबररावांच्या अंगात उत्साह संचारला. मसुदा लिहायचा होता, आणि समोरच्या पक्षाची प्रत्येक खोट त्यांना घरबसल्या माहीत होती. रविवारी दुपारी मास्तरांच्या ओट्यावर बसून त्यांनी स्वतःच्याच विरुद्ध असे मुद्दे काढले की मास्तर थक्क झाले. हुकूम मोघम आहे. मागितलं एक आणि दिलं भलतंच. प्रतिवादीच्या मालकीहक्कावर गदा आली आहे. सातव्या मुद्द्यात त्यांनी लिहिलं, 'वादी हा भांडखोर व कोत्या वृत्तीचा इसम असून'. मास्तर म्हणाले की एवढं नको, वाईट दिसतं. झुंबरराव अडून बसले. त्यांच्या मते मसुद्यात जोर हवा. आत्याबद्दल मात्र दोघांनीही अवाक्षर लिहिलं नाही.

वरच्या कोर्टात अपील उभं राहिलं. मास्तरांचा वकील झुंबररावांचे मुद्दे वाचून दाखवून खाली बसला. आता ठोसर वकिलांनी उठायचं, दोन शब्द बोलायचे आणि हरायचं, असं ठरलं होतं. ठोसर उठले. पण उभी हयात जिंकण्यासाठी बोललेला माणूस तो. पहिल्या वाक्यानंतर त्यांना ठरलेलं आठवेना. म्हातारी निराधार स्त्री, तिच्या डोक्यावरचा एकमेव पत्रा, मुक्या जनावराची दोन कोवळी पिल्लं, असं त्यांनी जे सुरू केलं की बाकांवरचे लोक सावरून बसले. जजसाहेब मान डोलवायला लागले. झुंबररावांनी मागून वकिलांचा काळा कोट ओढला. वकिलांना ते प्रोत्साहन वाटलं आणि त्यांनी आवाज आणखी चढवला. शेवटी झुंबररावांनी कोट असा ओढला की त्याची शिवण उसवली. ठोसर रागानं वळून म्हणाले, "काय आहे?" आणि वळल्यामुळे त्यांची लय तुटली.

अपील मंजूर झालं. जैसे थे हुकूम रद्द. दावा खालच्या कोर्टात लवकर चालवावा, असंही जजसाहेबांनी म्हटलं. झुंबरराव हरले आणि कोर्टाच्या पायऱ्या जवळजवळ उड्या मारत उतरले. समोरून येणाऱ्या एका ओळखीच्या माणसानं, जिंकलात वाटतं, म्हणून हात मिळवला, तोही त्यांनी जोरात मिळवला.

घरी येऊन त्यांनी आत्याला बोचकं बांधायला सांगितलं. आत्यानं निमूट बोचकं बांधलं. खरं तर त्यांनी तिला त्याच दिवशी इगतपुरीच्या गाडीत बसवायला हवं होतं. पण आधी लताला आणावं आणि तिच्या डोळ्यांदेखत आत्याची रवानगी करावी, असं त्यांना वाटलं. माणूस जिंको की हरो, त्याला मिरवायचं असतंच. मी लताला घेऊन येईस्तोवर एक-दोन दिवस इथंच थांब, असं आत्याला सांगून, घराची किल्ली तिच्या हाती देऊन ते सटाण्याच्या गाडीत बसले.

सटाण्यात कांद्याचा हंगाम जोरात होता. लताबाई भावाच्या खळ्यावर कांदे निवडत बसल्या होत्या. नवऱ्याला बघून त्यांचा चेहरा खुलला, पण त्यांनी तो लगेच गंभीर केला.

"आत्याबाई गेल्या?"

"गेल्यातच जमा. बोचकं बांधून बसलीय."

जमा आणि गेल्या यातला फरक लताबाईंना कळत होता. त्या म्हणाल्या की भावाकडे माणसं कमी आहेत, कांदे भरून होऊ द्या, मग निघू. झुंबररावांनी रजा वाढवली आणि आठवडाभर मेहुण्याच्या खळ्यावर गोणी भरल्या. संध्याकाळी लताबाई समोर बसून वाढायच्या आणि झुंबरराव दोन भाकरी जास्त खायचे. इतकं सुख त्यांना हुकूम जिंकल्यावरसुद्धा झालं नव्हतं. लताबाईंनी एकदा हळूच म्हटलंही की तुम्ही गेल्या आठवड्यात एकदाही 'उपरोक्त' म्हटलं नाहीत.

परत आले तेव्हा बोळात खाट नव्हती. खाट घरात होती, गादी होती, रजई घडी घालून ठेवलेली. आत्या नव्हती, शेळी नव्हती. गेली वाटतं आपली आपण, असं म्हणून झुंबररावांनी मोठा श्वास सोडला. लताबाईंनी पदर खोचला आणि स्वयंपाकघराची खिडकी उघडली.

समोर हातभर अंतरावर नवीकोरी भिंत उभी होती. वर पत्रा होता, तो झुंबररावांचाच. भिंतीला खिडकी होती आणि खिडकीत गोजरा आत्या बसली होती.

"लते, आली का गं? लय वाळली सटान्याला. आधी च्या टाक, मंग भाजीला हात लाव."

झुंबरराव अनवाणीच मास्तरांकडे धावले. मास्तर ओट्यावर वह्या तपासत बसले होते. त्यांनी झुंबररावांना बसायला पाट दिला आणि वर्गात समजावतात तसं समजावलं. अपिलात गेला तो फक्त तूर्तातूर्त हुकूम. मूळ दावा अजून उभाच आहे, आणि आता तो लवकर चालणार. दाव्यात साक्षीदार लागतात. आत्याबाईंसारखा साक्षीदार सबंध नाशिक जिल्ह्यात नाही. तेव्हा त्यांची साक्ष होईपर्यंत त्या मास्तरांच्या पाहुण्या. वहिनींसाठी अपील केलं होतं, वहिनी घरी आल्या, तो विषय संपला.

आत्या आतून काठी टेकत बाहेर आली. झुंबररावांनी तिला विचारलं की साक्षीत ती काय सांगणार आहे.

"खरं त्येच सांगीन बाबा. तू शिकिवलेलं लय लांबडं हाय, मला याद ऱ्हात नाय."

संध्याकाळी झुंबरराव ठोसर वकिलांसमोर बसले होते. वकिलांचा कोट शिवून आला होता, पण राग उसवलेलाच होता. तरी त्यांनी मार्ग सांगितले. तारखा लांबवता येतील, त्या कामात त्यांचा हात धरणारा कुणी नाही. दावा इतका लांबेल की झुंबरराव सुखानं पेन्शनीत निघतील. तोवर नोकरी शाबूत आणि आत्या खिडकीत. नाहीतर तारीख जवळची घ्यायची. आत्या पिंजऱ्यात उभी राहील, खरं बोलेल आणि गावी जाईल. मग त्या प्रतिज्ञापत्राचं आणि नोकरीचं जे व्हायचं ते होईल.

"घरी विचारून सांगतो," झुंबरराव म्हणाले. एवढ्या प्रकरणात हे त्यांनी पहिल्यांदाच म्हटलं.

लताबाई विळीवर कांदा चिरत होत्या. झुंबररावांनी पाट ओढून त्यांच्याजवळ बसून, खिडकीकडे पाठ करून, दोन्ही मार्ग दबक्या आवाजात सांगितले. लताबाई मान खाली घालून ऐकत होत्या. एवढ्यात समोरच्या खिडकीतून आवाज आला, "बारीक चिर गं लते. आन तेल बघून वत."

लताबाईंनी विळी आडवी केली. नवऱ्याकडे पाहिलं, थोडं हसल्याही.

"तारीख जवळची घ्या," त्या म्हणाल्या. "नोकरी गेली तर जाऊ द्या. तुम्ही कांदे बरे भरता."